गुणमालाबाईंचा नियम आणि केळ्याचं आइस्क्रीम

गुणमालाबाई मगदूम यांनी बर्फाचं सगळं आजन्म सोडायचं ठरवलं ते मे महिन्यातल्या एका सोमवारी दुपारी, शेंगा फोडता फोडता. विश्रामबागेतल्या तिसऱ्या मजल्यावरच्या त्या फ्लॅटमध्ये तेव्हा त्यांचा मुलगा जिनेंद्रराव आणि सून प्रीती असे दोघेच ऐकायला होते. बाई म्हणाल्या, पुढच्या सोमवारी ह्यांचा दिवस हाय, महाराज बस्तीत आलेत, त्यांच्याफुडं नियम घ्यायचा. एवढं बोलून त्यांनी पुढची शेंग उचलली.

ज्यांना ही रीत ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगायला हवं. सांगलीकडच्या जैन घरांत बस्तीत, म्हणजे मंदिरात, मुनिमहाराजांसमोर हात जोडून आपल्या आवडीची एखादी वस्तू जन्माची सोडतात. सोडली म्हणजे सोडली. गुणमालाबाईंचे यजमान आदगोंडा गुरुजी यांना जाऊन सहा वर्षं होत आली होती आणि त्यांच्या दिवसाला गुणमालाबाई दरवर्षी एक गोष्ट सोडत आल्या होत्या. पहिल्या वर्षी कॉफी. दुसऱ्या वर्षी द्राक्षं, आणि ती तासगावात जन्म काढलेल्या बाईनं. मग पेढे, मग दुपारची झोप. गेल्या वर्षी तर टीव्हीवरची मालिका सोडली, तीही ऐन रंगात आलेली. तिचं पुढं काय झालं हे घरात आजही त्यांच्यासमोर कुणी बोलत नाही.

यावर वाद घालायची घरात पद्धत नव्हती. पण या खेपेला जिनेंद्ररावांच्या काळजात चर्र झालं. बर्फाचं सगळं म्हणजे केळ्याचं आइस्क्रीमही आलं.

तासगावच्या घरी दर मे महिन्यात, दुसऱ्या रविवारी, आदगोंडा गुरुजी लाकडी पॉट काढायचे. आटवलेलं दूध, साखर, वेलदोडा आणि हातानं कुस्करलेली जवारी, म्हणजे गावठी, केळी. मध्ये पत्र्याचा डबा, भोवती बर्फ आणि खडेमीठ, आणि वरून हँडल. ते हँडल गुरुजींनी जन्मात दुसऱ्या कुणाच्या हाती दिलं नाही. जिनेंद्ररावांचं काम ठरलेलं होतं. पॉट हलू नये म्हणून त्यावर पोतं टाकायचं आणि पोत्यावर त्यांना बसवायचं. वयाच्या पाचव्या वर्षापासून लग्न होईतो ते दरसाल त्यावर बसले. त्या कामात त्यांच्याइतका अनुभव जिल्ह्यात कुणाला नसेल, पण तो अनुभव सर्वस्वी बसण्याचा होता.

गुरुजी गेल्यावर सहा वर्षांत पॉट एकदाही फिरला नव्हता. आईनं कधी विषय काढला नाही, आणि तिनं काढला नाही म्हणून यांनाही सुचलं नाही. आता ती बिचारी न मागताच ते सोडून मोकळी होणार होती. पाटबंधारे खात्यात हेडक्लार्क म्हणून सदतीस वर्षं काढलेल्या जिनेंद्ररावांना स्वतःची इतकी लाज कधी वाटली नव्हती. त्यांनी त्याच दुपारी मनाशी ठरवलं की, सोमवारी नियम, तर रविवारी दिवस मावळायच्या आत आईच्या हातात केळ्याच्या आइस्क्रीमची वाटी पडलीच पाहिजे. दिवस मावळल्यावर गुणमालाबाई पाण्याचा थेंबही घेत नसत, आणि रात्र काढलेलं शिळं काही त्यांना चालत नसे. म्हणजे वेळ होती ती रविवारी संध्याकाळपर्यंतच.

आणखी एक गोष्ट त्यांनी ठरवली. आईला यातलं काही कळू द्यायचं नाही. एकदम वाटीच पुढं करायची. सरकारी नोकरीत माणसाला ही खोड लागते. ज्याचं काम, त्यालाच सगळ्यात शेवटी कळवायचं.

पॉट साताऱ्याला होता, बहिणीकडे. मंगळवारी जिनेंद्रराव एसटीनं साताऱ्याला गेले तेव्हा कीर्तीच्या दारामागं त्या पॉटात दोन छत्र्या, एक क्रिकेटची बॅट आणि मेव्हण्यांची फिरायला जायची काठी उभी होती. कीर्तीनं सामान काढून पॉट पुसून दिला, डोळेही पुसले, आणि मग विचारलं, "दादा, पण तुला येतंय का? तू नुसता बसायचास की रे." जिनेंद्ररावांनी पॉट काखेत मारला. परतीच्या गाडीत कंडक्टरनं पॉटाकडं बराच वेळ पाहिलं. हे यंत्र म्हणायचं, भांडं म्हणायचं की फर्निचर, हे त्याच्या तक्त्यात बसेना. शेवटी त्यानं निर्णय दिला की वस्तू प्रवाशाच्या मांडीवर असेल तर ती प्रवाशाचाच भाग धरता येते. त्यामुळे कराड, पेठनाका करत सांगलीपर्यंत जिनेंद्ररावांच्या मांडीवर पॉट होता. आयुष्यभर ते पॉटावर बसले होते, आता पॉट त्यांच्यावर बसला.

लाकूड सहा वर्षं कोरडं राहिलं की फळ्यांत फटी पडतात. पाण्यात भिजत घातलं की फुगून त्या बुजतात. एवढं त्यांना ठाऊक होतं. आईच्या नजरेला पडू नये म्हणून त्यांनी पॉट मागच्या बाथरूममध्ये ठेवला, काठोकाठ भरला, आणि फळ्या तहानलेल्या असणार म्हणून वरचा नळ बारीक सुरू ठेवला. पाण्याचं नियोजन करण्यात हयात घालवलेल्या माणसाच्या हातून हे घडलं. बुधवारी सकाळी खालच्या मजल्यावरचे सुभेदार हंबीरराव वर आले. लष्करातून निवृत्त झालेले, कराडकडच्या ऊसवाल्या घरातले. रागावले नव्हते. एवढंच म्हणाले की आपल्या बाथरूमच्या छतातून पाणी ठिबकतंय, आणि त्याला लाकडाचा वास येतोय, म्हणून चौकशीला आलो.

जिनेंद्ररावांनी त्यांना खरं ते सांगितलं. हंबीरराव ऐकताना उभे होते ते हळूहळू सावधान झाले. त्यांना आई नव्हती, आणि करण्यासारखं कामही नव्हतं. "मगदूमसाहेब, आता ही मोहीम आपली दोघांची," ते म्हणाले. जिनेंद्ररावांनी मदत मागितली नव्हती. पण छत गळत असलेल्या माणसाला नाही कसं म्हणायचं.

मग आला बर्फाचा प्रश्न. गुणमालाबाई पाणी दुहेरी फडक्यातून गाळून पिणाऱ्या. कारखान्यातला बर्फ कुठल्या पाण्याचा असतो कोण जाणे. म्हणून जिनेंद्ररावांनी ठरवलं की घरीच गाळलेल्या पाण्याचा बर्फ करायचा. आपल्या फ्रीजरात मावेल तेवढ्यानं भागणार नव्हतं, तेव्हा बिल्डिंगमधल्या नऊ घरांत गाळीव पाण्याचे स्टीलचे डबे पोहोचले. प्रत्येक डब्यावर कागद चिकटवून जावक क्रमांक घातला, पोहोच घेतली. नऊ घरांतल्या माणसांना डबे कशासाठी हे सांगावं लागलं, आणि त्या प्रत्येक घरानं सल्ला दिला. कुणी म्हणालं केळी मिक्सरला लावा, कुणी म्हणालं लावू नका, आणि पहिल्या मजल्यावरच्या बँकेतल्या साहेबांनी हे सगळं सोडून सरळ विकत आणायला सांगितलं. जिनेंद्ररावांनी त्यांच्याकडचे दोन्ही डबे परत आणले.

शनिवारी सगळा बर्फ एका मोठ्या पेटीत गोळा झाला. तेव्हा हंबीरराव खाकरले. "खरं बोलाय पायजे," ते खाली बघत म्हणाले. "आमच्या फ्रीजरात गेल्या ऐतवारपासनं मटण हाय. तुमचे डबे त्याच्याच शेजारी हुते."

कुणाच्या डब्यातला बर्फ कुठला हे आता सांगता येत नव्हतं. बर्फ काढून घेतल्यावर जावक क्रमांक डब्यांवर राहिले होते. प्रीतीनं त्याच वेळी शांतपणे विचारलं की बर्फ तर पॉटातल्या डब्याच्या बाहेर राहणार, तो कुणी खाणार नाही, मग पाणी गाळायचं कशासाठी. प्रश्न बिनतोड होता. पण बर्फ खायचा नसला तरी मटणाशेजारचा बर्फ आईच्या आइस्क्रीमला टेकवायला जिनेंद्ररावांचं मन घेईना. पेटीतला सगळा बर्फ त्यांनी बिल्डिंगच्या जास्वंदीला घातला.

पॉट फिरवायचा तर पार्किंगमध्ये, कारण वर फिरवला तर आईला कळणार आणि मीठपाणी सांडणार. सोसायटीच्या सेक्रेटरी संयोगिताबाई नियमाच्या पक्क्या. त्यांनी लेखी अर्ज मागितला. जिनेंद्ररावांना याचं वाईट वाटलं नाही, उलट निवृत्तीनंतर चौदा महिन्यांनी अर्ज लिहायला मिळाला म्हणून बरंच वाटलं. 'कार्यक्रमाचे स्वरूप' या रकान्यात त्यांनी विचारपूर्वक लिहिलं, कौटुंबिक, थंड. संयोगिताबाईंनी मंजुरी दिली आणि रीतसर सूचनाही फळ्यावर लावली: रविवारी संध्याकाळी पाच ते सात पार्किंगमध्ये श्री. मगदूम यांचा थंड कार्यक्रम, तरी वाहने बाहेर लावावीत. अशा तऱ्हेनं सगळ्या बिल्डिंगला कळलं. राहिल्या फक्त गुणमालाबाई, असं जिनेंद्रराव समजत होते.

केळी फळवाल्या शालूबाईंकडून आणली होती. ऐतवारपतुर झ्याक पिकतील असं सांगून त्यांनी हिरवीगार जवारी केळी दिली. जिनेंद्ररावांनी ती तांदळाच्या डब्यात पुरली आणि दिवसातून चार वेळा झाकण काढून पिकली का ते बघितलं. तुम्ही बघायचं थांबवलंत तर पिकतील, असं प्रीती म्हणाली. तरी रविवारी दुपारपर्यंत ती पिकली, त्यात जिनेंद्ररावांचा वाटा नव्हता.

रविवारी दुपारी दोघं हंबीररावांच्या स्कूटरवरून बर्फाच्या कारखान्यात गेले. तिथल्या माणसानं पहिला प्रश्न विचारला की बर्फ खाण्याचा हवा की न खाण्याचा. न खाण्याचा निळा असतो, तो लगेच मिळेल. खाण्याचा आज शिल्लक नाही. दुसऱ्या कुणीही निळा घेऊन रस्ता धरला असता. पण पावतीवर 'खाद्यपदार्थांसाठी नाही' असं छापलेलं होतं, आणि त्याखाली सही करायची होती. जिनेंद्ररावांचा हात थांबला. बर्फ खायचा नाही हे खरं, पण तो खाद्यपदार्थासाठी नाही हे खोटं. त्यांनी हे त्या माणसाला समजावून सांगितलं. त्यालाही ते पटलं, आणि पटल्यामुळे आता त्याला बर्फ देता येईना. त्यानं मालकाला फोन लावला. मालक जेवून झोपले होते. ते उठेपर्यंत दोघं सावलीत बसले, आणि चारला मालकांनी फोनवरून निकाल दिला की पावतीच बदला, पण त्या माणसाला माझ्या जिवावरून उठवा.

पार्किंगमध्ये पॉट मांडला तेव्हा सव्वापाच झाले होते. सूर्यास्त सात वाजायला पाच कमी असताना होता. हंबीररावांनी तो पंचांगात आणि मोबाइलवर दोन्हीकडं बघून ठेवला होता. प्रीतीनं आटवलेलं दूध आणि केळी डब्यात ओतली, निळा बर्फ आणि खडेमीठ थरांनी भरलं. जिनेंद्ररावांनी बाह्या सरसावल्या आणि हँडलला हात घातला. पॉट लागला डगडगायला.

"वजन पायजे," हंबीरराव म्हणाले. त्यांनी आजूबाजूला पाहिलं. मग सगळ्यांनीच जिनेंद्ररावांकडं पाहिलं.

एकोणसाठ वर्षांचा, निवृत्त, इस्त्रीच्या लेंग्यातला माणूस सगळ्या सोसायटीदेखत पोतं टाकून पॉटावर बसला. हंबीरराव हँडल फिरवू लागले. बर्फाचं मीठपाणी पोत्यातून वर येत होतं आणि ते कुठं लागत होतं हे कुणाला सांगण्यासारखं नव्हतं. गुरुजी असते तर त्यांनी ही व्यवस्था मान्य केली असती, या विचारानं तर जिनेंद्रराव आणखीच गार पडले. दहा मिनिटं त्यांनी सोसलं. मग ते उठले, बँकेतल्या साहेबांना खांद्याला धरून पोत्यावर बसवलं, आणि हँडल हातात घेतलं. हे आपल्या हातूनच व्हायला पाहिजे, एवढंच त्यांना कळत होतं.

ते फिरवत राहिले. दंड भरून आले, श्वास लागला, पण सोडलं नाही. सव्वासहानंतर हँडल जड झालं. आता काय करायचं यावर लगेच मतं पडली. बर्फ अडकला असेल, मीठ घाला. हंबीरराव म्हणाले की झाकण मध्येच काढलं की सगळं पाण्यात जातं, थांबायचं न्हाई. गुरुजी कधी थांबत असत, हे आठवायचा जिनेंद्ररावांनी फार प्रयत्न केला. त्यांना फक्त पोतं आठवलं. म्हणून पुढं पाव तास ते आणि हंबीरराव दोघं मिळून त्या हँडलला लोंबकळले, आणि शेवटी ते अजिबातच फिरेना तेव्हा झाकण उघडलं.

आइस्क्रीम झालं होतं. फिकट, जाडसर, आणि वास थेट तासगावच्या पडवीतला. जिनेंद्ररावांना हुंदका येतोय की काय असं झालं, पण घड्याळात पावणेसात वाजलेले. त्यांनी आईची चांदीची वाटी भरली आणि लिफ्टची वाट न बघता तीन जिने चढले. मागून हंबीरराव, त्यांच्या मागून प्रीती. समोरच्या इमारतीच्या टाकीवर अजून ऊन होतं. दहा मिनिटं हातात होती. ते जिंकले होते.

गुणमालाबाई गॅलरीत खुर्चीवर बसल्या होत्या, हातात जपाची माळ. शेजारी त्यांचं ताट धुऊन पालथं घातलेलं होतं.

त्यांनी वाटीकडं पाहिलं, मग मुलाकडं. "माझं अंथऊ झालं की रं," त्या म्हणाल्या. "चूळ भरली. सकाळपतुर सगळ्याचा त्याग घेतला."

अंथऊ म्हणजे दिवस मावळायच्या आतलं जेवण. गुणमालाबाई ते रोज साडेसहाला उरकतात, हे घरातल्या भिंतींनाही ठाऊक होतं. जिनेंद्ररावांना वाटलं होतं की प्रीती त्यांना थांबवून ठेवेल. प्रीतीला वाटलं होतं की त्यांनी आईला शेवटी सांगितलं असेल. आणि त्याग एकदा घेतला की सूर्य डोक्यावर असला तरी तो त्याग. तो मोड, असं त्या घरात कुणी बोलूसुद्धा शकत नव्हतं.

वाटीतलं आइस्क्रीम कडेनं विरघळायला लागलं. जिनेंद्रराव चाचरत म्हणाले की तुला एकदम द्यायचं होतं, म्हणून सांगितलं नाही.

"पॉटाचा आवाज मला कळत न्हाई व्हय?" गुणमालाबाई म्हणाल्या. "फळ्यावरची सूचना पण वाचली. सव्वापाचपासनं हितं बसून ऐकालोय. साडेसहापतुर वाट बघितली. कुणी बोलवाय वर आलं न्हाई. म्हटलं, बिल्डिंगचा कार्यक्रम हाय, असू दे."

हे ऐकून हंबीरराव मागं सरले आणि दाराबाहेर जाऊन उभे राहिले. जिनेंद्ररावांच्या आता लक्षात आलं. आईसाठी म्हणून जे केलं त्यात बिल्डिंगमधले झाडून सगळे होते, एक आई नव्हती. डोळ्यांतलं पाणी त्यांनी लपवलं नाही.

"आणि सहा पंचवीसलाच झालं हुतं ते," बाई पुढं म्हणाल्या. "आवाज बसका झाला की झालं. तुमी फुकट पाव तास झटापट केलासा. ह्यांना तरी कुठं कळत हुतं? मी चुलीपासनं 'झालं' म्हणायचे, मग हे हँडल सोडायचे." त्या जरा थांबल्या. "कुणी फिरवलं?"

"मी," जिनेंद्रराव म्हणाले. "सुरुवातीला बसलो होतो."

"खा माझ्याफुडं. बघू दे मला."

त्यांनी आईसमोर पाटावर बसून वाटी संपवली. त्या त्यांच्याकडं टक लावून बघत होत्या. चव कशी आहे हे त्यांनी विचारलं नाही. खाली पार्किंगमध्ये उरलेलं आइस्क्रीम सोसायटीनं संपवलं, आणि बँकेतल्या साहेबांनी तीन वेळा घेतलं, हेही इथं नोंदवून ठेवायला हवं.

सोमवारी सकाळी जिनेंद्रराव आईला घेऊन बस्तीत गेले. मांडवात दीडदोनशे माणसं होती. गुणमालाबाई श्रीफळ घेऊन महाराजांसमोर बसल्या. मुलगा मागं मान खाली घालून बसला. सहा वर्षं ती एकेक गोष्ट हातातून सोडत चालली होती आणि आपण नुसते बघत बसलो होतो, हे त्यांना रात्रभर टोचलं होतं. आता हेही गेलं.

"महाराज, बर्फाचं सगळं आजन्म सोडते," गुणमालाबाई खणखणीत आवाजात म्हणाल्या. मग त्यांनी पदर सारखा केला. "एकच मोकळीक द्या. घरच्या पॉटातलं केळ्याचं आइस्क्रीम. वर्सातनं एकदा, दिवस असताना. ह्या माझ्या पोरानं हातानं फिरवलेलं, आणि मी शेजारी बसून 'झालं' म्हटलेलं."

महाराजांनी मागं बसलेल्या जिनेंद्ररावांकडं पाहिलं आणि विचारलं, दरवर्षी फिरवाल का? दीडदोनशे माणसं वळून त्यांच्याकडं बघायला लागली. दंड अजून ठणकत होते, पाठ धरली होती, आणि लेंग्याला निळा डाग पडला होता तो निघणार नाही असं प्रीतीनं सांगितलं होतं. जिनेंद्ररावांनी हात जोडले आणि हो म्हटलं.

येताना रिक्षात गुणमालाबाई बाहेर बघत होत्या. मार्केट यार्डाच्या अलीकडं त्यांनी मुलाच्या गुडघ्यावर हात ठेवला.

"फुडल्या वर्सी चारलाच सुरू कर," त्या म्हणाल्या. "आणि माझी खुर्ची खाली न्यायची. सूचना लावायच्या आधी."